विजेचे बिल आणि ग्राहकाचा हक्क
(ज्ञातिसंस्थेच्या वार्षिक स्नेहसंमेलनात केलेले भाषण)



 या व्यासपीठावरून विद्यार्थ्यांचा गुणगौरव होतो, ज्येष्ठांचा सत्कार होतो, वधूवरांच्या याद्या वाचल्या जातात. अशा ठिकाणी विजेच्या बिलासारखा रूक्ष विषय आम्ही का घेतला, असे कित्येकांस वाटेल. त्याचे उत्तर एवढेच की, ज्ञातिसंस्थेचा जन्म अडल्यानडल्या कुटुंबास आधार देण्यासाठी झाला, आणि हल्ली कुटुंब अडते ते पुष्कळदा अशाच रूक्ष कागदांपाशी. पूर्वी पोस्टमनने तार आणली की घरात धडकी भरत असे. तार गेली, ती धडकी आता महिन्याच्या बिलाने भरते.

कर्जत आणि खालापूर या आपल्या दोन तालुक्यांना तर हा विषय परका असूच नये. लोणावळ्याच्या घाटमाथ्यावरील तलावांत साठविलेले पावसाचे पाणी मोठमोठ्या नळांतून कड्याखाली खोपोलीस उतरविले गेले आणि १९१५ साली तेथे टाटांचे जलविद्युत केंद्र सुरू झाले. पुढे १९२२ साली आंध्र तलावाच्या पाण्यावर कर्जत तालुक्यात भिवपुरीचे केंद्र उभे राहिले. खोपोलीचे पाणी काम करून पाताळगंगेस मिळते, भिवपुरीचे उल्हास नदीस मिळते. म्हणजे हिंदुस्थानातील अगदी आरंभीच्या मोठ्या वीजकेंद्रांपैकी दोन आपल्या अंगणात आहेत. ही वीज तारांवरून मुंबईस गेली. तिच्यावर कापडाच्या गिरण्या चालल्या. डोंगराच्या कुशीतील आपली गावे मात्र पुढे कित्येक दशके रॉकेलच्या चिमणीवर राहिली. दिव्याखाली अंधार ही म्हण आपल्या वाडवडिलांनी शब्दशः अनुभवली, असे म्हटल्यास अतिशयोक्ती होणार नाही.

१९६० साली महाराष्ट्र राज्य विद्युत मंडळ स्थापन झाले. हळूहळू खांब आले, तारा आल्या, गावोगाव दिवा लागला. जून २००५ मध्ये मंडळाचे विभाजन होऊन आपल्या दारापर्यंत वीज आणण्याचे व तिचे पैसे वसूल करण्याचे काम महावितरण कंपनीकडे आले. हे सर्व सांगण्याचे कारण असे की, इतक्या उशिरा आणि इतक्या कौतुकाने आलेल्या गोष्टीविषयी आपल्या मनात अजून उपकाराची भावना आहे. वीज देणारा तो दाता आणि आपण याचक, अशी समजूत जुन्या पिढीत तरी घट्ट बसली आहे. वास्तविक आपण याचक नसून ग्राहक आहोत. पैसे मोजून वस्तू घेणारा तो ग्राहक, आणि मोजलेल्या पैशाचा हिशेब विचारणे हा त्याचा हक्क होय.

हे आम्ही आज जितक्या ठामपणे सांगतो, तितके ते आम्हांस पूर्वी कळत नव्हते. ते कसे कळले, ती हकीकत प्रथम सांगतो. तीत आमची शोभा नाही. परंतु चूक कबूल करण्यास शिक्षकाने लाजू नये, असे आम्ही वर्गात सांगत आलो, तेव्हा येथेही तो नियम पाळावा लागेल.

सुमारे चौदा वर्षांपूर्वी आम्ही नोकरीनिमित्त एका खेडेगावी राहत होतो. आमच्या शेजारी आपल्याच ज्ञातीतील एक विधवा बाई एकट्या राहत. दोन दिवे, एक पंखा आणि एक लहानसा दूरचित्रवाणी संच, एवढाच त्यांचा विजेचा संसार. बिल येई ते दोन-अडीचशे रुपयांचे. एका महिन्यात ते आले पावणेचार हजारांचे. त्या कागद घेऊन आमच्याकडे आल्या आणि म्हणाल्या, “गुरुजी, एवढी वीज या घरात जळेल तरी कोठे?”

प्रश्न अचूक होता. चौथीच्या मुलाने विचारला असता, तर आम्ही त्याची पाठ थोपटली असती. परंतु आम्ही खुर्चीवर बसून कागद वाचला, कागदावर शिक्का होता, आकडे छापील होते, आणि आम्ही उत्तर दिले, “काकू, सरकारी कागद आहे. उगाच वीज तोडतील, गावात चर्चा होईल. आधी भरून टाका, मग बघू.” काकूंनी कानांतील सोन्याची फुले गहाण ठेवली आणि बिल भरले. तो ‘मग’ कधी आला नाही, आणि आम्ही काही बघितले नाही.

पुढील महिन्यापासून काकूंच्या बिलावर जळालेले युनिट शून्य येऊ लागले. एक महिना, दोन महिने, असे सात महिने केवळ स्थिर आकार येत राहिला. काकूंना वाटले, देवाने कृपा केली. आम्ही मात्र एके दिवशी सहज जुनी बिले एकाशेजारी एक मांडली, उठून दारामागील मीटर पाहिले, आणि सारा उलगडा झाला. मीटरवर २४१८ असताना वाचणाऱ्याने २९१८ लिहून घेतले होते. चाराचे नऊ झाले आणि पाचशे युनिट जास्त लागले. ६८ युनिटांच्या जागी ५६८ आकारले गेले. पुढे मीटर खराखुरा २९१८ वर पोहोचेपर्यंत यंत्राने शून्य दाखविले, एवढाच तो चमत्कार.

कोणी म्हणेल, मग युनिट परत मिळाले की! होय, युनिट परत मिळाले, पण दर परत मिळाला नाही. आपल्याकडे घरगुती विजेचा दर पायऱ्यांचा असतो. महिन्याचे पहिले १०० युनिट स्वस्त, १०१ ते ३०० त्याहून पुष्कळ महाग, ३०१ ते ५०० आणखी महाग आणि त्यापुढचे सर्वांत महाग. काकूंचा वापर दरमहा पहिल्या पायरीतच बसणारा. चुकीमुळे त्यांचे पाचशे युनिट एकाच महिन्यात वरच्या पायऱ्यांवर चढले आणि तेथील दराने आकारले गेले. पुढचे सात महिने त्यांनी जी वीज जाळली, ती स्वस्त दराची असून तिचे पैसे त्यांनी महाग दराने आगाऊ भरले होते. आम्ही अर्ज करण्याचा विचार करीपर्यंत बदली झाली, घरच्या अडचणी निघाल्या, आणि तक्रारीची मुदत उलटून गेली. फुले सुटली, पण सव्वा वर्षाने आणि व्याज भरून. काकूंनी आम्हांस कधी बोल लावला नाही. तो आम्हीच स्वतःस लावीत आलो आहोत, आणि आजचे हे भाषण त्या बोलाचेच फळ आहे.

या हकीकतीत दोष केवळ मीटर वाचणाऱ्याचा नव्हे. हाताने लिहिणाऱ्याकडून चूक होणारच. आम्हीही उत्तरपत्रिकांच्या बेरजा चुकविल्या आहेत. परंतु बेरीज चुकली की विद्यार्थी पेपर घेऊन टेबलापाशी येई आणि आम्ही ती दुरुस्त करीत असू. काकूंच्या बाबतीत टेबलापाशी जाणारेच कोणी नव्हते. ‘मग बघू’ या दोन शब्दांनी त्यांचे नुकसान केले. तेव्हा ‘मग’ न बघता ‘आता’ काय बघावे, ते क्रमाने सांगतो.

पहिली गोष्ट, बिल वाचावे. रक्कम वाचणे म्हणजे बिल वाचणे नव्हे. बिलावर मागील रीडिंग व चालू रीडिंग असे दोन आकडे असतात. त्यांची वजाबाकी म्हणजे त्या महिन्यात जळालेले युनिट. बिल हाती पडताच मीटरपाशी जावे. मीटरवरील आकडा बिलातील चालू रीडिंगपेक्षा थोडा अधिक असला पाहिजे, कारण मधल्या दिवसांत आपण वीज वापरलेलीच असते. तो कमी असेल, तर चूक तेथेच सापडली. मीटरचा क्रमांकही ताडून पाहावा. चाळीत आणि वाड्यात एकाचे मीटर दुसऱ्याच्या नावे वाचले जाण्याचा संभव असतो. रीडिंगच्या जागी ‘लॉक्ड’, ‘फॉल्टी’ असे शब्द असतील, तर मीटर वाचलेलेच नाही आणि बिल सरासरीने काढले आहे, असे समजावे. मग युनिटांखाली स्थिर आकार, वीज आकार, वहन आकार, इंधन समायोजन आकार आणि सरकारचे वीज शुल्क अशा रकमा येतात. वर्षातून एकदा सुरक्षा ठेव वाढविण्याचेही वेगळे बिल येते. ती ठेव आपल्या सरासरी वापरावर ठरते, तिच्यावर व्याज मिळते आणि जोडणी बंद करताना ती परत मिळते. तेव्हा ते बिल पाहून फसवणूक झाली अशी ओरड करू नये.

रक्कम मोठी म्हणून बिल चूक ठरत नाही, आणि लहान म्हणून बरोबरही ठरत नाही. याचा धडा सर्व महाराष्ट्राने २०२० साली गिरविला. करोनाच्या टाळेबंदीत मार्चअखेरीपासून मीटर वाचणे बंद पडले. एप्रिल-मेची बिले हिवाळ्यातील महिन्यांच्या सरासरीने निघाली. त्याच वर्षी १ एप्रिलपासून नवे दर लागू झाले. उन्हाळा कडक, माणसे दिवसभर घरात, पंखे अहोरात्र चालू. ३ जूनला निसर्ग चक्रीवादळ आपल्या रायगडच्या किनाऱ्यावर धडकले, घरांची कौले उडाली, विजेचे खांब आडवे झाले. आणि त्याच जून महिन्यात मीटर वाचून साठलेल्या युनिटांचे एकत्रित बिल लोकांच्या हाती पडले. सर्वत्र एकच हाहाकार उडाला. पुढे तीन हप्त्यांची सवलत मिळाली, आणि एकरकमी भरणाऱ्यांस दोन टक्के सूट मिळाली.

या प्रकरणात खरा प्रश्न कोणता होता, ते फळ्यावरील गणितासारखे मांडतो. २०२०-२१ च्या दरपत्रकात वीज आकाराचा दर पहिल्या १०० युनिटांस ३ रुपये ४६ पैसे आणि १०१ ते ३०० युनिटांस ७ रुपये ४३ पैसे असा होता. समजा, एका घरात तीन महिन्यांत मिळून २७० युनिट जळाले. ते महिन्यास ९० असे वाटले, तर सर्व युनिट पहिल्या पायरीत बसतात आणि वीज आकार ९३४ रुपये २० पैसे होतो. तेच २७० युनिट एकाच महिन्याचे धरले, तर पहिल्या शंभराचे ३४६ रुपये आणि उरलेल्या १७० चे १२६३ रुपये १० पैसे, मिळून १६०९ रुपये १० पैसे होतात. वीज तीच, घर तेच, फरक पावणेसातशे रुपयांचा. म्हणून एकत्रित बिलात युनिट महिन्यांवर विभागले आहेत की नाहीत, एवढेच पाहावयाचे होते. युनिट अशा रीतीने विभागले आहेत, असा खुलासा कंपनीने त्या वेळी केला होता. ज्यांनी तो ताडून पाहिला त्यांची खात्री पटली. ज्यांनी नुसती रक्कम पाहिली त्यांचा संताप झाला. पुढे केव्हाही काही महिन्यांचे बिल एकदम आले, तर हे गणित विसरू नये.

दुसरी गोष्ट, तक्रार लेखी करावी. खिडकीपाशी उभे राहून मोठ्याने बोलल्याने मन मोकळे होते, पण कागदावर काही राहत नाही. १९१२ या क्रमांकावर दूरध्वनी केला, तर तक्रारीचा क्रमांक लिहून घ्यावा. तथापि उत्तम मार्ग अर्जाचाच. अर्जात आपले नाव, बारा आकडी ग्राहक क्रमांक, मीटर क्रमांक आणि कोणत्या महिन्याचे बिल, हे प्रथम लिहावे. मग दोन वाक्यांत हरकत लिहावी: बिलावर रीडिंग अमुक आहे, मीटरवर अमुक तारखेस अमुक आहे, तरी बिल दुरुस्त करून मिळावे. सोबत बिलाची प्रत व मीटरचे छायाचित्र जोडावे. अर्जाच्या दोन प्रती न्याव्यात, एक द्यावी आणि दुसरीवर तारखेसह आवकेचा शिक्का घ्यावा. तो शिक्का म्हणजे आपल्या हक्काची नाळ होय.

मीटरविषयीच संशय असेल, तर शुल्क भरून त्याची चाचणी मागता येते. केंद्र सरकारने २०२० साली वीज ग्राहकांच्या हक्कांचे नियम केले आणि २०२४ साली त्यांत सुधारणा केली. तीप्रमाणे, रीडिंग आपल्या वापराशी जुळत नाही अशी तक्रार ग्राहकाने केल्यास, पाच दिवसांच्या आत पडताळणीसाठी दुसरे मीटर बसवून किमान तीन महिने वापर ताडून पाहावयाचा असतो. घरोघर स्मार्ट मीटर बसू लागले आहेत आणि त्यांविषयी लोकांच्या मनात शंका आहेत. त्यांना हा नियम विशेष उपयोगी आहे. शंका गावच्या पारावर बोलू नये, अर्जात लिहावी. तसेच मीटर सदोष निघाले किंवा बंद पडले, तर राज्य वीज नियामक आयोगाच्या २०२१ च्या विनियमांप्रमाणे मागील बिलाची दुरुस्ती अधिकात अधिक तीन महिन्यांपुरतीच करता येते. वर्षानुवर्षांची वसुली एकदम मागता येत नाही. मीटरमध्ये मुद्दाम फेरफार केला असेल, तर मात्र हे संरक्षण नाही, आणि नसावेही.

तिसरी गोष्ट सर्वांत महत्त्वाची. वीज तोडली जाण्याच्या भीतीने काकूंनी फुले गहाण ठेवली. त्या भीतीवर कायद्याने उतारा दिलेला आहे, तो आम्हांस तेव्हा ठाऊक नव्हता. १९१० च्या जुन्या कायद्यात वीज तोडण्यापूर्वी सात दिवसांची नोटीस द्यावी लागे. विद्युत अधिनियम, २००३ च्या कलम ५६ प्रमाणे आता पूर्ण पंधरा दिवसांची लेखी नोटीस द्यावी लागते. नोटिशीवाचून वीज तोडता येत नाही. शिवाय, बिलाविषयी वाद असेल, तर ग्राहकाने मागितलेली रक्कम, किंवा मागील सहा महिन्यांच्या सरासरीने येणारी रक्कम, यांतील जी कमी असेल ती हरकत नोंदवून भरावी. एवढे केले की वादाचा निकाल लागेपर्यंत वीज तोडता येत नाही. काकूंची सहा महिन्यांची सरासरी होती दोन-अडीचशे रुपये! तेवढे भरून, “हरकत राखून भरणा केला आहे,” असा एक अर्ज दिला असता, तर फुले कानांत राहिली असती आणि घरात दिवाही राहिला असता. एका वाक्याचे अज्ञान एका घरास केवढ्याला पडले, ते यावरून दिसेल.

याच कलमात जुन्या थकबाकीविषयीही तरतूद आहे. रक्कम प्रथम देय झाल्यापासून दोन वर्षे लोटली आणि मधल्या बिलांत ती थकबाकी म्हणून सतत दाखविलेली नसेल, तर तिच्यासाठी वीज तोडता येत नाही. सर्वोच्च न्यायालयाने फेब्रुवारी २०२० मध्ये राजस्थानातील अजमेरच्या वीज कंपनीच्या प्रकरणात याचा खुलासा केला. चुकीमुळे कमी आकारलेली रक्कम कंपनी मागाहून मागू शकते आणि ती वसूल करण्याचे अन्य मार्ग तिला मोकळे आहेत. परंतु मुदतीनंतर वीज तोडण्याचे हत्यार तिला वापरता येणार नाही. न्यायाचा तराजू दोन्ही बाजूंस सारखा राहावा, हाच यातील हेतू.

चौथी गोष्ट, दाद कोठे मागावी. प्रथम कंपनीच्या कार्यालयात. तेथे समाधान न झाल्यास ग्राहक तक्रार निवारण मंचाकडे जावे. हा मंच २००३ च्या अधिनियमाच्या कलम ४२ अन्वये प्रत्येक वितरण कंपनीस नेमावा लागतो आणि त्यावर ग्राहकांची बाजू जाणणाराही एक सदस्य असतो. तक्रारीचे कारण घडल्यापासून दोन वर्षांच्या आत तेथे गेले पाहिजे. आमची मुदत उलटली ती हीच. मंचाने साठ दिवसांत निर्णय द्यावा, असे आयोगाच्या २०२० च्या विनियमांत सांगितले आहे. मंचाचा निर्णय मान्य नसेल, तर साठ दिवसांच्या आत विद्युत लोकपालांकडे जाता येते. आपल्या कोकणासाठी ते कार्यालय मुंबईस आहे. मंचापुढे वकील देण्याचे कारण नाही. आपली बिले, आपले अर्ज आणि आपले खरे बोलणे एवढे भांडवल पुरते.

याशिवाय ग्राहक आयोगाचा मार्ग आहेच. वीजपुरवठा ही सेवा असल्याचे ग्राहक संरक्षण कायद्यात स्पष्ट लिहिले आहे. १९८६ चा कायदा जाऊन जुलै २०२० पासून २०१९ चा नवा कायदा अमलात आला. आपल्या रायगड जिल्ह्याचा आयोग अलिबागेस आहे. पाच लाखांपर्यंतच्या प्रकरणास तेथे फी नाही. मुदत तेथेही दोन वर्षांचीच. मात्र एकच भांडण दोन दारी एकाच वेळी नेऊ नये. अशाने दोन्हीकडे वेळ जातो.

आपल्या कायद्याची ही व्यवस्था वरून आपोआप आलेली नाही, हेही तरुणांनी जाणावे. १९७४ साली पुण्यात बिंदुमाधव जोशी यांनी ग्राहक पंचायतीचे कार्य आरंभिले, तेव्हा ग्राहक हा शब्दच लोकांस नवा होता. गावोगाव हिंडून त्यांनी व त्यांच्या सहकाऱ्यांनी तो लोकांच्या तोंडी रुळविला. त्यानंतर बारा वर्षांनी देशास ग्राहक संरक्षण कायदा मिळाला. ज्या शस्त्रासाठी इतरांनी एवढे श्रम केले, ते आपण म्यानात गंजत ठेवावे काय?

आता एक इशारा. सर्वच बिले सारखी नसतात. मंजुरीबाहेर वीज वापरल्याचा, किंवा घरगुती जोडणीवर धंदा चालविल्याचा ठपका ठेवून कलम १२६ खाली आकारणी झाली, तर तिचा मार्ग वेगळा आहे. प्रथम तात्पुरता आदेश येतो. त्यावर ताबडतोब लेखी हरकत घ्यावी. अंतिम आदेश झाल्यास तीस दिवसांत अपील करता येते, परंतु निम्मी रक्कम आधी भरावी लागते आणि दर दुप्पट असतो. अशा आकारणीविरुद्ध ग्राहक आयोगाकडे जाता येत नाही, असा सर्वोच्च न्यायालयाचा २०१३ चा निर्णय आहे. आपल्याकडे घराच्या ओटीवर किराणा दुकान, शिवणयंत्र, पिठाची लहान चक्की पुष्कळांची असते. महिन्यास ३०० युनिटांपर्यंत आणि वर्षास ३६०० युनिटांपर्यंत वापर असेल, तर घराच्या काही भागात असा व्यवसाय करणाऱ्यास घरगुती गटातच धरावे, अशी तरतूद आयोगाच्या गेल्या काही दरादेशांत आहे. ती ठाऊक नसल्यामुळे माणूस विनाकारण घाबरतो.

आणि हक्काबरोबर कर्तव्यही सांगितले पाहिजे, नाहीतर शिक्षकाचे भाषण अपुरे राहील. तारेवर आकडा टाकून घेतलेली वीज ही चोरीच होय. लग्नाच्या मांडवासाठी असो की गणपतीच्या आराशीसाठी, तिला तुरुंगाची शिक्षा आहे. खरे बिल वेळेवर भरावे. वादळात खांबावर चढणारा लाईनमन हा आपल्यासारखाच कोणा घरचा मुलगा आहे. कार्यालयाचा राग त्याच्यावर काढू नये. ज्याचे स्वतःचे हात स्वच्छ, त्याचीच हरकत अर्जावर वजनदार दिसते.

शेवटी मंडळाकडे एक मागणे. आपल्या दोन तालुक्यांत मिळून अनेक पदवीधर मुले-मुली आहेत. महिन्यातील एका रविवारी त्यांनी दोन तास मंडळाच्या कार्यालयात बसावे. कोणीही बिल घेऊन यावे. त्यांनी ते वाचावे, वजाबाकी करावी, चूक आढळल्यास अर्ज लिहून द्यावा आणि त्याची नोंद एका वहीत ठेवावी. यास खर्च एका वहीचा आणि एका पेनचा. पहिल्या वर्षाची वही आम्ही देऊ आणि अंगात शक्ती आहे तोवर त्या रविवारी स्वतः येऊन बसू.

आणखी एक विनंती. त्या टेबलापाशी येणाऱ्यास ज्ञात विचारू नये. आपल्या गावांच्या कडेला ठाकूर आणि कातकरी बांधवांच्या वाड्या आहेत. तेथे एक दिवा आणि एक पंखा असलेल्या झोपडीत मोठे बिल आले, तर ते वाचून दाखविणाराही कोणी नसतो. आपली काकू एकटी होती तरी तिला शेजारी गुरुजी होते. ते उपयोगी पडले नाहीत, हा भाग वेगळा. वाडीवरील बाईस तेवढेही नाही. ज्ञातिसंस्थेचा दिवा ओटीवर ठेवला, तर त्याचा उजेड रस्त्यावरही पडतो, आणि त्याने आपल्या घरातील उजेड उणा होत नाही.

खोपोली आणि भिवपुरी येथे घाटमाथ्याचे पाणी आजही खाली उतरते आणि त्याची वीज होते. शंभराहून अधिक वर्षे ही डोंगराची देणगी आपल्या डोळ्यांदेखत बाहेर जात आली. आता ती आपल्या घरातही आली आहे आणि तिचे मोल आपण देत आहोत. ते मोल खरे असावे, एवढेच आपले म्हणणे. पुढच्या महिन्याचे बिल येईल, तेव्हा रक्कम पाहण्यापूर्वी प्रत्येकाने उठून मीटरपाशी जावे, आणि घरातील म्हाताऱ्या माणसाने प्रश्न विचारला तर ‘मग बघू’ असे म्हणू नये. आम्ही ते एकदा म्हटले आहे, आणि त्याचे व्याज अजून फिटलेले नाही.